अपिलात पुराव्याची पारख : लैंगिक अत्याचाराचे खटले आणि गावातील नोंदी

लैंगिक अत्याचाराचा गुन्हा गावात घडतो आणि त्याचा खटला जिल्ह्यातील सत्र न्यायालयात अथवा विशेष न्यायालयात चालतो. परंतु तेथे झालेल्या निकालाचा फेरविचार मात्र गावापासून फार दूर होतो. हिंगोली, वसमत, कळमनुरी, औंढा नागनाथ आणि सेनगाव या पाचही तालुक्यांतील अशा खटल्यांची अपिले मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाकडे, म्हणजे आजच्या छत्रपती संभाजीनगर येथे जातात. हिंगोलीहून हे अंतर दोनशेहून अधिक किलोमीटर आहे. तेथे पीडित मुलगी पुन्हा साक्ष देत नाही, तिची आई येत नाही, डॉक्टर येत नाहीत, पंचही येत नाहीत. तेथे पोहोचतो तो केवळ कागद.

ही गोष्ट वरवर साधी वाटते. परंतु शिक्षा झालेला एखादा आरोपी काही वर्षांनी अपिलात सुटून गावात परत येतो, तेव्हा लोकांना आश्चर्य वाटते आणि 'वरच्या कोर्टात काहीतरी झाले' अशी कुजबुज सुरू होते. वरच्या न्यायालयात बहुधा झालेले असते ते इतकेच की, अभिलेखातील एखादा दुवा तुटलेला आढळतो. असे दुवे पुष्कळदा शाळेच्या नोंदवहीत, ग्रामपंचायतीच्या कपाटात, प्राथमिक आरोग्य केंद्राच्या टेबलावर किंवा पोलीस ठाण्याच्या मुद्देमाल खोलीत तुटतात. म्हणूनच हा विषय केवळ वकिलांचा नसून मुख्याध्यापक, ग्रामसेवक, पोलीस पाटील आणि पंचायत सदस्य यांचाही आहे.

अपिलात काय तपासले जाते?

१ जुलै २०२४ पासून देशात तीन नवे फौजदारी कायदे अमलात आले. त्यांपैकी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ४१५ अन्वये दोषी ठरलेल्या व्यक्तीस अपील करता येते. पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेत हीच तरतूद कलम ३७४ मध्ये होती. दोषसिद्धीविरुद्धचे अपील ही कृपा नसून तो हक्क आहे, आणि अशा अपिलात उच्च न्यायालयाने संपूर्ण पुरावा स्वतः नव्याने वाचून आपले मत बनवावे लागते. 'खालच्या न्यायाधीशांनी विश्वास ठेवला, म्हणून आम्हीही ठेवतो' एवढे म्हणून ते थांबू शकत नाही.

निर्दोष मुक्ततेविरुद्ध अपील असेल, तर मात्र न्यायालयाची पावले अधिक जपून पडतात. या बाबतीतील सूत्र १९३४ साली प्रिव्ही कौन्सिलने 'शिव स्वरूप' खटल्यात घालून दिले आणि ते आजही मार्गदर्शक मानले जाते. अपील न्यायालयाचे अधिकार पूर्ण आहेत; तथापि ज्या न्यायाधीशाने साक्षीदारास प्रत्यक्ष पाहिले, त्याच्या मताला मान द्यावा, आणि निर्दोष सुटलेल्या माणसाच्या बाजूने असलेले निर्दोषत्वाचे गृहीतक त्या निकालाने अधिकच दृढ झाले आहे हे विसरू नये, असा त्याचा आशय. २००७ साली 'चंद्रप्पा' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तो पुन्हा स्पष्ट शब्दांत मांडला. एकाच पुराव्यावरून दोन निष्कर्ष सयुक्तिकपणे निघत असतील, तर मुक्ततेचा निकाल बदलू नये, असे त्यात सांगितले आहे.

पूर्वी असे अपील केवळ शासनच करू शकत असे. ३१ डिसेंबर २००९ पासून पीडित व्यक्तीलाही हा हक्क मिळाला आहे, आणि २०१८ च्या 'मल्लिकार्जुन कोडगली' निकालानुसार त्यासाठी न्यायालयाची पूर्वपरवानगी घेण्याची आवश्यकता नाही. या तरतुदीची माहिती ग्रामीण भागात अद्याप फार थोड्यांना आहे, असे प्रस्तुत लेखकाचे निरीक्षण आहे.

एक पुरावा, तीन वाचने

पुराव्याची पारख म्हणजे काय, हे समजून घेण्यासाठी महाराष्ट्रातील एका खटल्याइतके बोलके उदाहरण दुसरे नाही. तत्कालीन चंद्रपूर जिल्ह्यातील, आणि १९८२ पासून गडचिरोली जिल्ह्यात असलेल्या देसाईगंज येथील पोलीस ठाण्यात २६ मार्च १९७२ च्या रात्री ही घटना घडली. विधी अहवालांत हा खटला 'तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य' या नावाने ओळखला जातो. त्यातील मुलीचे नाव त्या काळी सर्वत्र छापले गेले. पुढे कायद्यानेच अशी प्रसिद्धी दंडनीय ठरविली असल्याने येथे ते देण्याचे कारण नाही.

मुलगी आदिवासी, आईवडिलांविना वाढलेली आणि मोलमजुरी करणारी होती. तिला फूस लावून नेल्याची तक्रार तिच्या भावाने दिली, म्हणून सर्वांना ठाण्यात बोलाविण्यात आले. जबाब आटोपून लोक निघाले, तेव्हा एका शिपायाने तिला ठाण्यातच थांबवून ठेवले आणि बाकीच्यांना बाहेर जाण्यास सांगितले. आत आपल्यावर बलात्कार झाला, तसेच दुसऱ्या पोलीस कर्मचाऱ्यानेही अंगचटीचा प्रकार केला, असे तिने बाहेर येताच आपल्या माणसांना सांगितले. जमाव जमला आणि त्यानंतर फिर्याद नोंदविण्यात आली. वैद्यकीय तपासणी दुसऱ्या दिवशी रात्री आठच्या सुमारास झाली. अंगावर जखमा आढळल्या नाहीत. तिचे वय १४ ते १६ वर्षांच्या दरम्यान असावे, असे डॉक्टरांचे मत पडले.

१ जून १९७४ रोजी सत्र न्यायाधीशांनी दोघांनाही निर्दोष सोडले. संबंध घडला हे त्यांना मान्य होते. परंतु तो संमतीने झाला आणि नंतर आपली बाजू सावरण्यासाठी मुलगी खोटे बोलली, असा त्यांनी निष्कर्ष काढला. मुलीच्या पूर्वायुष्याचा आधार त्यांनी घेतला. ती १६ वर्षांखालील होती याचा समाधानकारक पुरावा नाही, असेही त्यांनी नमूद केले.

१२ ऑक्टोबर १९७६ रोजी उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने हा निकाल फिरविला. पुरावा तोच, कागद तेच. परंतु न्यायमूर्तींनी वेगळा प्रश्न विचारला. जे पोलीस या मुलीला पूर्णपणे अपरिचित होते, ज्यांच्या ताब्यात ती रात्रीच्या वेळी होती, त्यांच्याशी ती आपण होऊन संबंध ठेवील, हे संभवनीय आहे काय? भीतीपोटी निमूटपणे सोसणे म्हणजे संमती नव्हे, असे त्यांनी म्हटले. शिपायास पाच वर्षांची, तर दुसऱ्या कर्मचाऱ्यास एक वर्षाची शिक्षा झाली.

१५ सप्टेंबर १९७८ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा दोघांची मुक्तता केली. अंगावर जखमा नाहीत, म्हणून प्रतिकार झाला नाही. प्रतिकार झाला नाही, म्हणून तिने जोराने विरोध केल्याची हकीकत खोटी. आणि शिपायाने हात धरून नेले तेव्हा जवळच उभ्या असलेल्या भावाला तिने हाक मारली नाही, म्हणून भीतीही सिद्ध होत नाही, अशी ती विचारसरणी होती.

या निकालाच्या विरोधात सप्टेंबर १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, रघुनाथ केळकर, लोतिका सरकार आणि वसुधा धागमवार या चार कायद्याच्या अभ्यासकांनी भारताच्या सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. रात्रीच्या वेळी पोलीस ठाण्यात अडकलेल्या गरीब मुलीने आरडाओरडा करावयास हवा होता, या अपेक्षेलाच त्यांनी आव्हान दिले. पत्र देशभर गाजले, मोर्चे निघाले, आणि १९८३ साली कायदा बदलला. पोलीस ताब्यातील बलात्कारासारख्या प्रकरणांत संबंध सिद्ध झाला आणि आपली संमती नव्हती असे स्त्रीने न्यायालयात सांगितले, तर ती नव्हती असे न्यायालयाने गृहीत धरावे, असे कलम ११४-अ पुरावा अधिनियमात आले. आज ते भारतीय साक्ष्य अधिनियमात कलम १२० म्हणून कायम आहे. पीडितेचे नाव छापण्यास बंदी आणि बंद दालनातील सुनावणी या तरतुदीही त्याच सुधारणेतील होत. २०१३ मध्ये आणखी स्पष्टता आली : शारीरिक प्रतिकार केला नाही, एवढ्यावरून संमती होती असे मानता येणार नाही.

या खटल्यातील वयाच्या मुद्द्याकडे मात्र फारसे कोणाचे लक्ष जात नाही. त्या वेळी संमतीचे वय १६ वर्षे होते. मुलगी त्याखालील असल्याची विश्वसनीय जन्मनोंद अभिलेखात असती, तर संमती होती की नव्हती हा प्रश्नच उरला नसता. तीन न्यायालयांचा, सहा वर्षांचा सारा वाद एका नोंदीने मिटला असता. तशी नोंद नव्हती.

पीडितेची साक्ष

एकट्या पीडितेच्या साक्षीवर शिक्षा देता येते काय, हा प्रश्न फार जुना आहे. एके काळी तिच्याकडे जणू गुन्ह्यातील भागीदाराच्या नजरेने पाहिले जाई आणि तिच्या म्हणण्याला दुसरा पाठिंबा मागितला जाई. १९५१ सालच्या 'रामेश्वर' खटल्यात आठ वर्षांच्या मुलीची साक्ष होती. अपील ऐकणाऱ्या सत्र न्यायाधीशांना मनातून खात्री पटली होती. परंतु कायद्याला पुरेल इतका पाठिंबा नाही, असे म्हणून त्यांनी आरोपीस सोडले. उच्च न्यायालयाने तो निकाल फिरविला आणि सर्वोच्च न्यायालयाने उच्च न्यायालयास दुजोरा दिला. तो निकाल लिहिणारे न्या. व्हिव्हियन बोस हे पूर्वी नागपूर उच्च न्यायालयाचे मुख्य न्यायाधीश होते. पाठिंबा शोधणे हा शहाणपणाचा नियम आहे आणि तो न्यायाधीशाच्या मनात जागा असला पाहिजे. पण पाठिंब्यावाचून शिक्षा देताच येत नाही असा कायदा नाही, असा त्यांच्या विवेचनाचा मथितार्थ.

नागपूरच्याच एका प्रकरणात हा विचार पुढे गेला. १९८१ साली एका पोलीस उपनिरीक्षकावर तरुण विवाहितेने केलेल्या आरोपात खालच्या न्यायालयाने शिक्षा दिली, उच्च न्यायालयाने सोडले, आणि जानेवारी १९९० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शिक्षा पुन्हा कायम केली. पीडिता ही गुन्ह्यातील साथीदार नव्हे. जखमी साक्षीदाराच्या शब्दाला जे वजन, तेच तिच्या शब्दाला, असे त्यात निःसंदिग्धपणे सांगण्यात आले. १९९६ च्या 'गुरमीत सिंग' निकालाने किरकोळ विसंगतींवरून तिची साक्ष फेटाळू नये, तर खटल्यातील एकंदर संभाव्यता पाहावी, असे बजावले.

दुसरी बाजूही न्यायालयांनी नजरेआड केलेली नाही, आणि ती येथे सांगितली पाहिजे. २००८ साली 'राजू' खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, पीडितेच्या साक्षीला मोठे महत्त्व असले, तरी प्रत्येक वेळी तीच अक्षरशः खरी असे आधीच धरून चालता येणार नाही. खोट्या आरोपानेही एखाद्या माणसाचे आयुष्य उद्ध्वस्त होते. २०१२ च्या 'राय संदीप' निकालात ज्या साक्षीवर अन्य पाठिंब्यावाचून शिक्षा उभी राहू शकते, ती साक्ष कशी असावी याचे वर्णन आहे. पहिल्या जबाबापासून न्यायालयातील साक्षीपर्यंत तिचा गाभा एकच असावा, उलटतपासणीत तो डळमळू नये आणि इतर परिस्थितीशी त्याचा मेळ बसावा. बाल लैंगिक अत्याचाराच्या कायद्यात, म्हणजे २०१२ च्या पॉक्सो अधिनियमात, आरोपीविरुद्ध गृहीतक आहे खरे. परंतु घटनेचा पाया आधी फिर्यादी पक्षानेच घालावा लागतो.

गाभा आणि तपशील यांतील फरक एका कल्पित उदाहरणाने स्पष्ट होईल. हळद शिजविण्याच्या दिवसांत शेतातील आखाड्यावर घटना घडली असे समजू. मुलीने पोलिसांना वेळ 'दिवस मावळताना' अशी सांगितली आणि न्यायालयात 'सात वाजता' सांगितली. किंवा आरोपीचा सदरा एकदा पांढरा, तर एकदा फिकट निळा सांगितला. अशा तफावती भीतीने, काळ गेल्याने आणि प्रश्न विचारण्याच्या पद्धतीने पडतात. १९८३ च्या 'भोगिनभाई' निकालात न्या. ठक्कर यांनी साक्षीदाराची स्मृती म्हणजे चित्रपटाची फीत नव्हे, अशा अर्थाचे जे विवेचन केले, ते या बाबतीत नेहमी आधाराला घेतले जाते. परंतु पहिल्या जबाबात आरोपीचे नावच नाही आणि न्यायालयात ते प्रथमच आले, तर ती गोष्ट गाभ्याला भिडते. अपिलाचे न्यायमूर्ती तेथे थांबतात आणि कारण शोधतात.

येथे भाषेचा एक प्रश्न उद्भवतो, आणि तो मराठवाड्यातील सर्वांनी ध्यानात घेण्याजोगा आहे. खेड्यातील मुलगी 'माझ्याशी वाईट काम केले' एवढेच म्हणते. संकोचापोटी पोलीसही तेच लिहितात आणि कधी न्यायालयातही तेच उतरते. ऐकणाऱ्याला अर्थ कळतो. पण उच्च न्यायालयात साक्षीचे इंग्रजी भाषांतर वाचले जाते, आणि 'वाईट काम' या शब्दांचा अर्थ बलात्कार, विनयभंग की आणखी काही, असा वाद तेथे उभा राहतो. साक्ष चालू असतानाच एखादा सौम्य प्रश्न विचारून हे स्पष्ट करून घेण्याचा अधिकार न्यायाधीशांना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम १६८ ने दिला आहे. जबाब नोंदविताना महिला अधिकाऱ्याने मुलीचेच शब्द, तिच्याच बोलीत, पूर्णपणे लिहिले तर पुढील पुष्कळ घोटाळा टळतो.

विलंब आणि वैद्यकीय अहवाल

फिर्याद उशिरा दिली, हा बचाव पक्षाचा नेहमीचा मुद्दा. लैंगिक गुन्ह्यांत कुटुंबाची अब्रू, मुलीचे लग्न, आरोपीचा दरारा यांमुळे विलंब होतो हे न्यायालये जाणतात. 'गुरमीत सिंग' निकालातही ते म्हटले आहे. प्रश्न विलंबाचा नसतो, त्याच्या खुलाशाचा असतो. आपल्याकडे या विलंबाचे एक कारण फार परिचित आहे : गावातील चार प्रतिष्ठित मंडळी बसतात आणि प्रकरण गावातच मिटविण्याचा प्रयत्न होतो. तीन दिवस अशा बैठकांत जातात. मग फिर्याद होते, पण तिच्यात बैठकीचा उल्लेख नसतो. अपिलात तो तीन दिवसांचा काळ कोराच दिसतो. बलात्काराचा गुन्हा आपसांत मिटविता येण्याजोगा नाही, आणि पीडित बालक असेल तर माहिती असूनही पोलिसांना न कळविणे हा पॉक्सो अधिनियमाच्या कलम २१ खाली स्वतंत्र गुन्हा आहे, याची आठवण पंचायत सदस्यांना करून देणे अप्रस्तुत ठरू नये.

वैद्यकीय पुराव्याबद्दल थोडक्यात सांगता येईल. जखमा नसणे म्हणजे गुन्हा न घडणे नव्हे. तपासणी करताना पीडितेच्या पूर्वीच्या लैंगिक संबंधांविषयी मत देणारी तथाकथित 'दोन बोटांची चाचणी' सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये अयोग्य ठरविली. ऑक्टोबर २०२२ मध्ये ती करणारी व्यक्ती गैरवर्तनाची दोषी मानली जाईल, असे न्यायालयाने पुन्हा कडक शब्दांत सांगितले. देसाईगंजच्या मुलीचा घात ज्या प्रकारच्या शेऱ्याने केला, तो शेरा एखाद्या अहवालात अर्धशतकानंतर आढळावा, ही खेदाची बाब होय.

नमुने कोणाच्या ताब्यात होते?

रक्ताचे, कपड्यांचे आणि जनुकीय चाचणीचे नमुने हा आजच्या खटल्यांतील सर्वांत भक्कम पुरावा समजला जातो. पण तो भक्कम असतो तो प्रयोगशाळेत पोहोचेपर्यंत अखंड राहिला तरच. मे २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठाणे जिल्ह्यातील एका प्रकरणात, जेथे सहा वर्षांच्या बालिकेवर अत्याचार करून तिची हत्या झाली होती आणि सत्र न्यायालयाने फाशी देऊन उच्च न्यायालयाने ती कायम केली होती, आरोपीची मुक्तता केली. गुन्हा भयंकर होता याबद्दल कोणाचे दुमत नव्हते. परंतु नमुने पाठविण्यास झालेल्या विलंबाचा खुलासा नव्हता, मधल्या काळात ते कोणाच्या ताब्यात आणि कसे ठेवले होते याचा विश्वासार्ह पुरावा नव्हता. त्यामुळे अहवालात काय लिहिले आहे याला अर्थ उरला नाही. आदल्याच वर्षी, नोव्हेंबर २०२२ मध्ये, दिल्लीतील एका प्रकरणातही फाशीची शिक्षा अशाच कारणाने टिकली नव्हती.

वाचकांना अशा निकालांचा संताप येतो, आणि तो स्वाभाविक आहे. तथापि १९७३ साली 'शिवाजी बोबडे' खटल्यात न्या. कृष्ण अय्यर यांनी दोन गोष्टी एकाच निकालात सांगितल्या होत्या. संशयाच्या फायद्याचे स्तोम माजवून दोषी माणसांना सोडत राहणे समाजाला घातक आहे, ही एक. आणि 'त्याने केले असावे' व 'त्यानेच केले' यांत मोठे अंतर असते, ही दुसरी. ते अंतर भरून काढण्याचे साधन म्हणजे मुद्देमाल नोंदवहीतील एक ओळ : अमुक दिवशी, अमुक वाजता, सील सुस्थितीत, अमुक शिपायाच्या हाती दिले. ही ओळ लिहिण्यास दोन मिनिटे लागतात.

पंचांबाबतही तसेच आहे. पंचनामा झाला, सही केली, आणि न्यायालयात 'मला वाचून दाखविले नाही, पोलिसांनी ठाण्यात सही घेतली' असे पंचाने सांगितले, की तो पंचनामा अपिलात फारसा उपयोगाचा राहत नाही. शासकीय कर्मचाऱ्यांना पंच म्हणून बोलाविले जाते ते त्यांच्या शब्दाला वजन असते म्हणून. जे पाहिले नाही त्यावर सही करू नये, आणि जे पाहिले ते सांगण्यास कचरू नये.

वयाचा पुरावा : शाळा आणि ग्रामपंचायत

आता ज्या विषयात आपल्या वाचकांचा सर्वाधिक संबंध येतो, त्याकडे वळू. पीडित मुलगी १८ वर्षांखालील असेल तरच पॉक्सो अधिनियम लागू होतो आणि तिची संमती विचारात घेतली जात नाही. म्हणजे सबंध खटला कित्येकदा एका तारखेवर उभा असतो. ती तारीख कशी ठरवावी याचा क्रम बाल न्याय अधिनियम, २०१५ च्या कलम ९४ मध्ये दिला आहे. पीडितेलाही हाच क्रम लावावा, असे तत्त्व २०१३ च्या 'जर्नैल सिंग' निकालात सांगितले होते. प्रथम शाळेचा जन्मतारखेचा दाखला किंवा शालान्त परीक्षेचे प्रमाणपत्र. ते नसेल तर महानगरपालिका, नगरपालिका अथवा पंचायतीचा जन्मदाखला. आणि ही दोन्ही नसतील तरच हाडांची वैद्यकीय चाचणी. या चाचणीत दोन वर्षे इकडे किंवा तिकडे फरक पडू शकतो, हे न्यायालयांनी १९८२ पासून मान्य केले आहे. मुलगी १७ वर्षांची की १९ वर्षांची, हे अशा चाचणीने ठरणे कठीण, हे उघड आहे.

शाळेचा दाखला हा पहिला पुरावा असला, तरी कोणताही कागद चालत नाही. जुलै २०२३ मध्ये तमिळनाडूतील एका प्रकरणात केवळ शाळा सोडल्याचा दाखला दाखल केला गेला. वैद्यकीय अंदाज १८ ते २० वर्षांचा होता. शाळा सोडल्याचा दाखला म्हणजे कलम ९४ मध्ये अपेक्षित असलेला जन्मतारखेचा दाखला नव्हे, असे म्हणून सर्वोच्च न्यायालयाने पॉक्सोखालील शिक्षा रद्द केली. त्याही आधी, १९८८ च्या एका निवडणूकविषयक निकालात न्यायालयाने सांगितले होते की, नोंदवहीतील तारीख कोणी, कशाच्या आधारे सांगितली हे सिद्ध झाले नाही, तर त्या नोंदीला फारसे मोल नाही.

आपल्या शाळांतील जुन्या नोंदवह्या चाळल्या, तर १ जून ही तारीख पानोपानी भेटते. गुरुजींनी मुलाला पाहिले, वय अंदाजाने धरले आणि सत्राच्या सोयीची तारीख टाकली, हा तिचा उगम. एके काळी त्यात कोणाचे नुकसान दिसत नव्हते. ऊसतोडीसाठी दिवाळीच्या सुमारास गाव सोडणाऱ्या कुटुंबांतील मुलांच्या बाबतीत हा प्रश्न अधिक अवघड होतो. मूल फडावर जन्मते, त्याची जन्मनोंद त्या गावीही होत नाही आणि आपल्या गावीही राहून जाते. सहा वर्षांनी शाळेत 'अंदाजे' वय लिहिले जाते. आणि पंधरा वर्षांची तीच मुलगी पुढे साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभी राहते तेव्हा, ती पंधरा वर्षांची आहे हे सांगणारा भक्कम कागद तिच्याजवळ नसतो. उलटतपासणीत मुख्याध्यापकांना एवढेच विचारले जाते : ही तारीख तुम्ही लिहिली काय? नाही, त्या वेळी दुसरे मुख्याध्यापक होते. तारीख कोणी सांगितली? माहीत नाही. जन्मदाखला घेतला होता काय? नोंद नाही. ही तीन उत्तरे कागदावर उतरतात आणि छत्रपती संभाजीनगरला जातात.

यावर उपाय कठीण नाही. प्रवेश देताना जन्मदाखला पाहिला असेल तर त्याचा क्रमांक आणि दिनांक प्रवेश नोंदवहीत लिहावा. दाखला नसेल तर पालकाचे लेखी निवेदन सही अथवा अंगठ्यासह घेऊन ते नोंदीसोबत जपून ठेवावे. विलंबाने करावयाच्या जन्मनोंदीची कार्यपद्धती कायद्यात आहेच. फडावरून परतलेल्या कुटुंबांची अशी प्रकरणे ग्रामपंचायतीने एकत्रितपणे हाती घेतली, तर पालकांचे हेलपाटे वाचतील. नोंदीत खाडाखोड करू नये. दुरुस्ती झाली असल्यास आदेशाचा क्रमांक शेजारी लिहावा.

समन्स आल्यावर मुख्याध्यापकांनी केवळ साक्षांकित प्रत घेऊन न जाता मूळ नोंदवही न्यायालयात न्यावी. मूळ नोंदवही दाखवून तिच्याशी ताडून पाहिलेली प्रत अभिलेखावर ठेवता येते, आणि नोंदवही त्याच दिवशी परत मिळते. प्रवेशाच्या वेळचा अर्ज आणि जन्मदाखल्याची प्रत उपलब्ध असल्यास तीही सोबत असावी. नोंद आपल्या कार्यकाळातील नसेल, तर ती कोणाच्या अक्षरातील आहे आणि ते अक्षर आपण कशावरून ओळखतो, हे आदल्या दिवशी शाळेतील जुन्या कर्मचाऱ्यांना विचारून घ्यावे. शाळेची इमारत बदलताना नोंदवह्यांचे कोणते गठ्ठे कोठे ठेवले आहेत, याची यादीही आता, समन्स येण्यापूर्वीच, करून ठेवलेली बरी.